नेल्दाबाईंचा आवाज

किंग अब्दुल्ला इकॉनॉमिक सिटी, सौदी अरेबिया,
३ जून

चि. शर्मिलास,

आशीर्वाद नंतर, आधी तक्रार. आमच्या इमारतीच्या लिफ्टमधली बाई खोटं बोलते.

मी तिसऱ्या मजल्यावर राहतो. लिफ्ट तिसऱ्यावर थांबते, दार उघडतं आणि ही बाई आधी अरबीत, मग अतिशय सुसंस्कृत इंग्रजीत "दुसरा मजला" असं जाहीर करते. एखाद्या दिवशी चूक झाली तर माणूस समजून घेतो. पण रोज? दिवसभर बंदरावरच्या क्रेनशी झगडून मी घरी येतो, आणि एक सुस्वर स्त्री मला तोंडावर सांगते की तू अजून पोचलेला नाहीस. मेंटेनन्सवाला, राहील नावाचा, रत्नागिरीचा आहे. त्याला सांगितलं तर म्हणाला, "सायब, ती काय बोलते त्याकडं कशाला लक्ष देता? दार उघडतंय ना?" या तत्त्वज्ञानाशी मी सहमत नाही. तू डबिंगच्या धंद्यातली. तुमच्यातलीच कोणीतरी एका दुपारी बंद खोलीत बसून "पहिला मजला, दुसरा मजला" म्हणून गेली असणार. तिला माझा निषेध कळव.

याच लिफ्टमध्ये गेल्या महिन्यात एक म्हातारी गोरी बाई माझ्याशेजारी उभी होती. घोषणा झाली. बाईंनी मान तिरकी करून ऐकलं आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाल्या, "आवाज चांगला आहे हिचा. पण इमारत न बघता बोललीये."

मी तिथेच शिष्य झालो.

नाव नेल्दा ब्रुसाती, वय ब्याऐंशी. माझ्याबरोबर काम करणाऱ्या पाओलोची आई. वडील गेल्यावर त्याने हिला रोमहून इथे आणलं. इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, मुलाच्या नावावर, हृदयाच्या गोळ्या मुलाच्या हातून, आणि दिवसभर बाई एकटी. इथले रस्ते तुला ठाऊक आहेत: रुंद, धुतलेले, दिवे लागलेले आणि निर्मनुष्य. पहिल्या आठवड्यात तिने पाओलोला विचारलं होतं म्हणे, "इथलं शूटिंग संपलं का?"

कारण बाई नटी. साठ ते ऐंशी सालांच्या दरम्यान चाळीसेक इटालियन चित्रपट, पण नायिका कधीच नाही. आपल्या संस्कृत नाटकांत प्रतिहारी असते ना? आत येते, महाराजांचा जयजयकार करते, दाराशी कोण आलंय ते सांगते आणि जाते. तशी. मोलकरीण, नर्स, चर्चमधल्या दुसऱ्या रांगेतली विधवा, खूनपटात सुरुवातीलाच मरणारी शेजारीण. "मी अकरा वेळा मेले," म्हणाली, "त्यातल्या दोनदा चांगली." पुढे पाओलो झाला, कामं आटली, आणि औषधाच्या दुकानात काउंटरमागे तीस वर्षं गेली. गिऱ्हाइकं ओळखायची का, विचारलं. "चेहरा ओळखायची. मी बोलले की म्हणायची, छे, ही ती नव्हे."

आता तुझ्या कामाची गोष्ट. त्या काळी तिकडे शूटिंगच्या वेळी आवाज धरतच नसत. तो नंतर स्टुडिओत भरायचा, आणि तोही बहुधा दुसऱ्यांनीच. नेल्दाबाईंचे उच्चार पो नदीच्या मुखाकडच्या खेड्यातले, त्यामुळे त्यांना कुणी कधी बोलावलंच नाही. छोट्या भूमिकांचे संवाद तर शूटिंगच्या दिवशी लिहून तयारही नसत. दिग्दर्शक सांगे, ओठ हलू देत, आकडे म्हण. या बाईने नवऱ्याच्या प्रेतावर पडून, धाय मोकलून, "सतरा, अठरा, एकोणीस" म्हटलंय. चाळीस चित्रपट, आणि एकातही तिचा आवाज नाही.

पाओलोचं इथलं काम सप्टेंबरात संपतंय. मग तो ब्राझीलला आणि आई इटलीतल्या वृद्धाश्रमात. त्याआधी तिला एकच हवंय: तिच्या एका प्रसंगाला तिचा स्वतःचा आवाज. पाओलो म्हणतो, मम्मा, हृदय सांभाळ, हे काय खूळ. मी म्हटलं, माझी मामेबहीण हेच करते, तिला विचारतो.

तर विचारतो आहे.

हरिदादा


गोरेगाव, मुंबई
९ जून

ती. हरिदादास नमस्कार,

लिफ्टवाल्या बाईची बाजू घेते. आम्हाला कागद देतात, इमारत नाही. गेल्या वर्षी मी एका वॉशिंग मशीनचा मराठी आवाज झाले. ते मशीन मी अजून पाहिलेलं नाही.

तुझं पत्र स्टुडिओत वाचलं आणि पुढचा टेक चुकवला. बावीस वर्षं मी त्या दुसऱ्या बाजूला आहे रे. कोरियन सासवा, तुर्की नणंदा, स्पॅनिश नर्सा, सगळ्यांच्या तोंडून मीच. आपण जिला आवाज देतो तिचा खरा आवाज हेडफोनमध्ये येतो, तो आपण दाबतो आणि वर आपला ठेवतो. ते काम आहे, त्याचं वाईट कधी वाटलं नव्हतं. तुझ्या त्या बाईंनी वाटायला लावलं.

हल्ली तेही काम कमी होत चाललंय. आमच्यातल्या तिघींचे आवाज मशीनने शिकून घेतले, आता त्या मुलींना बोलवत नाहीत. मला अजून बोलावतात. म्हणून तर दिवसभर बोलून संध्याकाळी तोंड मिटते आणि तुझ्यासारख्यांना लिहीत बसते.

क्लिप पाठव. बाईंना शब्द पाठ असतील तर उत्तम. एक बिनतारी कॉलर माइक घे, जेद्दाला अल अझीझियाच्या बाजारात कुठेही मिळेल. जागा लहान बघ, खिडकी नसलेली. चारी भिंतींना गोधड्या, ब्लँकेटं टांग. खोलीत बोलणारी एकटीच पाहिजे, दुसऱ्याचा श्वाससुद्धा माइकमध्ये येतो. तू दार लावून बाहेर बस आणि इयरफोनवर ऐक. फ्रिज बंद, एसी बंद.

आणि तिला सांग, आकडे म्हणून रडता येणं हे कुणालाही जमत नाही. मला तर नाहीच.

तुझी
शर्मिला


२७ जून

चि. शर्मिला,

माइक आणला. दुकानदाराने मला यूट्यूबवाला समजून चाहत्यांची संख्या विचारली. एक, असं खरं ते सांगितलं.

जागा अशी शोधली की तू खूश होशील. इथल्या प्रत्येक फ्लॅटमध्ये स्वयंपाकघरामागे मोलकरणीची खोली असते: एक पलंग मावेल एवढी, खिडकी नाही. नेल्दाबाईंनी आत पाहिलं, कमरेवर हात ठेवले आणि म्हणाल्या, "आयुष्यभर मोलकरणी केल्या, खोली आत्ता मिळतेय." पाओलोला यातलं काही सांगायचं नाही, अशी मला शपथ घातली आहे. तो कामावर असताना, माझ्या सुट्टीच्या दिवशी, माझ्या घरात हे चालतं. चोपन्नाव्या वर्षी मी एका स्त्रीला चोरून भेटतो आहे. तुझ्या वहिनीला पुण्याला फोन करून आधीच सांगून टाकलं. ती म्हणाली, "बाईंना काहीतरी खायला घालत जा."

प्रसंग असा. शवागारात मुलाचं प्रेत ओळखायला आलेली आई. दीड मिनिट, आणि सगळा वेळ कॅमेरा तिच्याच तोंडावर. उभ्या आयुष्यात तिला मिळालेले एवढेच सलग संवाद. ज्या बाईने त्याला आवाज दिला तिनेच त्या चित्रपटाच्या नायिकेलाही दिलाय. म्हणजे प्रेताच्या एका बाजूला आई आणि दुसऱ्या बाजूला बायको, दोघी एकाच गळ्यातून रडतात.

हाच प्रसंग का, हे मी विचारलं. बाईंनी सांगितलं. चित्रपट त्यांच्या गावाच्या थिएटरात लागला तेव्हा त्यांच्या आईची दृष्टी जवळजवळ गेली होती. तरी भाऊ तिला घेऊन गेला. काळे कपडे घालून, वहाणा पुसून, म्हातारी पहिल्या रांगेत बसली. सगळं ऐकलं. दिवे लागले, लोक उठायला लागले, तरी ही बसूनच. भावाला म्हणाली, "थांब ना. आपली नेल्दा अजून आली नाही."

पुढच्या वर्षी ती गेली.

मी एरवी अशा वेळी काहीतरी संस्कृत शब्द फेकून प्रसंग हलका करतो. त्या दिवशी एकही आठवला नाही. आपल्या नाटकांत आकाशभाषित म्हणून प्रकार असतो. रंगमंचावर नसलेल्या माणसाचं बोलणं एकटं पात्र ऐकतं आणि त्याला उत्तर देतं. ते मी नेहमी विनोदी समजत आलो होतो.

रेकॉर्डिंग सोबत पाठवतो. एसी बंद केला नाही. बाहेर सेहेचाळीस आहे, वर समुद्राचा दमटपणा, आणि बाईंचं हृदय. अगदी मंद ठेवला होता. चालून जाईल ना?

हरिदादा


२ जुलै

हरिदादा,

चारदा ऐकलं. शेवटच्या वेळी स्टुडिओच्या मोठ्या स्पीकरवर लावलं. आमचा रेकॉर्डिस्ट शर्विल चहा प्यायला चालला होता, तो दारातच थांबला. इटालियन आम्हा दोघांनाही येत नाही. म्हणाला, "मॅडम, या कुणाच्या आई?" यापुढे मी काय सांगू!

पण चालून जाणार नाही. तुझा मंद एसी माझ्या कानाला विमानतळ वाटतो. तो काढायला गेले तर तिचा श्वास निघून जातो, आणि या प्रसंगात श्वास हाच अर्धा संवाद आहे. तिला आयुष्यात एकदा मिळतंय तर ते घरघरीत गुंडाळून कसं द्यायचं? पुन्हा घे. दहा मिनिटं एसी बंद कर, खोली आधी गार करून ठेव. दहा मिनिटांनी काय होतंय? आम्ही मेच्या महिन्यात पत्र्याखाली चार चार तास काढलेत.

दुसरं वाक्य ती घाईने म्हणते. तिथे थांबायला सांग. ओठांना वेळ आहे, मी मोजलंय.

शर्मिला


२१ जुलै

चि. शर्मिला,

उशिराबद्दल रागावू नकोस. नवीन रेकॉर्डिंग जोडलं आहे. एसीचा आवाज नाही.

नेल्दाबाई जेद्दाच्या इस्पितळात आहेत. ते रेकॉर्डिंग झालं त्याच दिवशी अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. ब्याऐंशी वर्षं, अशक्त हृदय. डॉक्टर म्हणतात, कधी ना कधी होणारच होतं.

बोलणं गेलं, हे पूर्ण खरं नाही. आकडे राहिले. डॉक्टर म्हणाले, असं होतं. ओळीने पाठ असलेलं मेंदूच्या दुसऱ्या कोपऱ्यात असतं म्हणे, ते टिकतं. काल मी गेलो तेव्हा त्यांनी माझा हात धरला आणि बोलल्या. बारा, तेरा, चौदा, इटालियनमध्ये; कोणते आकडे, ते पाओलोने सांगितलं. डोळ्यांत पाणी, भुवई वर, चौदावर आवाज चढला आणि पंधरावर तुटला. त्या मला काहीतरी विचारत होत्या. काय, ते कळलं नाही. केरळची नर्स कीर्ती शेजारी उभी होती, ते आकडे आहेत एवढं तिला डॉक्टरांकडून कळलं होतं. मला म्हणाली, "अंकल, अम्मा किसी का फोन नंबर बोल रही है क्या? आप लिख लो ना."

पाओलो खाटेच्या पायथ्याशी उभा असतो. त्याने त्यांचे चित्रपट कधी नीट पाहिले नव्हते. आकड्यांची गोष्ट मीच त्याला सांगितली. तेव्हापासून तो आकडे ऐकायला रोज खुर्ची जवळ ओढून बसतो.

तुझं काम सावकाश कर. घाईचं आता काही राहिलं नाही.

हरिदादा


२६ जुलै

ती. हरिदादा,

पत्र वाचून रडले, मग काम केलं. दुसरं काही सुचेना.

प्रसंगावर आवाज बसवला आहे. एवढा स्वच्छ आवाज तू घरात कसा घेतलास? एकूण सात टेक आहेत, मी शेवटचा वापरला. पहिल्या सहांत नेल्दाबाई अभिनय करतात. सातव्यात करत नाहीत. श्वास जड, शब्द ओढल्यासारखे, मधेच एक एवढा मोठा विराम की मला वाटलं फाइल संपली. मी बावीस वर्षांत असं काही ऐकलेलं नाही.

आणि शेवट! प्रसंगातलं बोलणं संपतं, पडदा काळा होतो, आणि त्या आणखी एक वाक्य म्हणतात. ते मूळ संवादांत नाही, मी सबटायटलशी ताडून पाहिलं. अगदी हळू, "आप्री... आप्री ला पोर्ता" असं काहीसं, आणि पुढे दोन-तीन शब्द. स्वतःच्या मनाने घातलं असणार. काय ताकद आहे त्या वाक्यात! काळ्या पडद्यावर तेवढं एकटं ऐकू येतं आणि अंगावर काटा येतो. मी ठेवलंय. तुला नको वाटलं तर एका क्लिकने उडवता येईल, पण माझं ऐक, उडवू नकोस.

अर्थ फोनला विचारणार होते, मग म्हटलं नको, तुझ्याकडूनच घ्यावा. काय म्हणतात रे त्या?

शर्मिला


९ ऑगस्ट

चि. शर्मिला,

नेल्दाबाई मंगळवारी दुपारी गेल्या.

तू अर्थ विचारलास. तो मला तुझ्या आधीपासून ठाऊक आहे. इस्पितळाच्या बाकावर बसून त्याच दिवशी फोनला ऐकवून विचारला होता. फोनला त्यांचे खेड्यातले उच्चार पहिल्यांदा समजलेच नाहीत, पुन्हा ऐकवावं लागलं. "दार उघड. मला बरं वाटत नाहीये." एवढंच आहे ते वाक्य.

तू दहा मिनिटं म्हणाली होतीस, हे आधी लक्षात घे. दहा मिनिटांत तीन टेक झाले आणि तिसरा उत्तम होता. मला त्याहून उत्तम हवा होता. दुसऱ्या वाक्यानंतर थांबायला सांग, असं तू लिहिलं होतंस. ते मी चौथ्यानंतर सांगितलं, पाचव्यानंतर सांगितलं. दर वेळी दार किलकिलं करून मी म्हणायचो, "वन मोअर, सिन्योरा," आणि त्या घामाने निथळत हसायच्या आणि मान हलवायच्या. कुणीतरी आपल्याला पुन्हा एकदा म्हणायला सांगतंय, याचाच त्यांना आनंद होता. त्यांना कधी कुणी दुसरा टेक दिलाच नव्हता. पाऊण तास एसी बंद होता.

सातव्याला मी बाहेर स्टुलावर बसून, डोळे मिटून ऐकत होतो. तू जे ऐकलंस तेच. जड श्वास, विराम. मला तो विराम इतका आवडला की मी स्वतःशी मान डोलावली. मग ते जास्तीचं वाक्य आलं. त्यांचं इंग्रजी तेव्हा गळून पडलं असणार, आणि मला इटालियनचं एक अक्षर येत नाही. मला वाटलं, संवाद अजून संपला नाही. मी थांबलो, शमू. टेक खराब होऊ नये म्हणून मी दार उघडलं नाही. आतून काहीतरी पडल्याचा आवाज आला तेव्हा उघडलं.

अँब्युलन्स यायच्या आत मी एसी लावला, गोधड्या उतरवल्या. कशासाठी, ते मला तेव्हाही कळत होतं. पाओलोला सांगितलं की आम्ही बोलत बसलो होतो, त्या थोडं रेकॉर्ड करत होत्या आणि एकाएकी कोसळल्या. त्याने कॉलरवरचा माइक पाहिला होता. तरी त्याने मला मिठी मारली. म्हणाला, शेवटच्या दिवसांत तिला आनंद दिलास.

कागदपत्रं आज पुरी झाली. शुक्रवारी तो तिला घेऊन गावी जातोय. ज्या थिएटरात आजीने तो चित्रपट ऐकला ते आता उरलेलं नाही, पण चर्च आहे. तिथे, सगळ्या गावासमोर, त्याला तो प्रसंग दाखवायचा आहे, आईच्या आवाजात. मी जूनमधलं पहिलं रेकॉर्डिंग पुढे केलं. तो म्हणाला, "हे नको. त्या दिवशीचं दे. ती शेवटचं जे बोलली ते मला पाहिजे."

उद्या संध्याकाळी तो येणार आहे. त्याला ते वाक्य न समजण्याचा प्रश्नच नाही. गावातल्या कुठल्याही माणसाला ते समजेल, उच्चारांसकट.

सगळा दिवस मी स्वतःला पटवतो आहे की ते वाक्य प्रसंगाचा भाग नाही, म्हणून ठेवणं बरोबर नाही. मुद्देसूद पटवतो आहे. तसं शिक्षणच झालंय माझं. त्यांच्या साऱ्या आयुष्यात कॅमेऱ्यापुढे किंवा माइकपुढे त्या स्वतःचं म्हणून एवढंच वाक्य बोलल्या, हेही मला दिसतंय. तू लिहिलंस की एका क्लिकने उडवता येतं.

पोलिसांची भीती नाही, पाओलोने तोंडावर थुंकण्याचीही तितकीशी नाही. उद्या सकाळी मी तुला फोन करेन आणि तेवढं उडवून दे म्हणेन, याची मला भीती वाटते.

हरिदादा